टोरंटोला यायचं का? एका कॅमेरा ऑपरेटरला उत्तर

तुझा प्रश्न असा आहे: मुंबईत बरीच वर्षं ऑपरेटिंग केलंस, एका मराठी सिनेमाचा डीओपी (मुख्य छायाचित्रकार) झालास, मुलगा आठवीत आहे. कॅनडाचा पीआर (कायम वास्तव्याचा परवाना) घेऊन टोरंटोत डीओपी म्हणून उभं राहता येईल का, आणि एकटेपणा येतो का? मी याच वाटेने आलो, म्हणून प्रश्न वाचून झोप लागेना. तू माझ्यापेक्षा लहान दिसतोस, अरेतुरे करतोय. पीआरला गुण किती लागतात, फी किती, हे सरकारी संकेतस्थळावर आहे, ते सोडतो.

आपल्याकडे ऑपरेटर ही डीओपी होण्याच्या वाटेवरची पायरी असते. डीओपीच्या तारखा जुळत नाहीत, दिग्दर्शक म्हणतो, पॅचवर्क (राहिलेले सुटे शॉट) तूच उरक. तिथून पुढचा सिनेमा मिळतो. ही रीत जुनीच आहे. छायाचित्रकार व्ही. के. मूर्ती 'बाजी'ला (१९५१) सहायक होते. गुरुदत्तने त्यांचं काम पाहिलं आणि 'जाल'चं (१९५२) छायाचित्रण त्यांना दिलं. इथे ऑपरेटिंग हा स्वतंत्र आणि मानाचा पेशा आहे. माणसं त्यातच निवृत्त होतात. कॅमेऱ्याच्या माणसांच्या युनियनमध्ये, म्हणजे टोरंटोच्या ओंटारियो प्रांतात आयसीजी लोकल ६६७ मध्ये, नाव लागतं ते ऑपरेटर किंवा डीओपी अशा ठरावीक श्रेणीखाली. ऑपरेटरला डीओपी बोलावतो, डीओपीला दिग्दर्शक आणि निर्माता. त्यामुळे तू कितीही उत्तम ऑपरेटर झालास तरी तुझी ओळख वाढते ती डीओपींमध्ये, आणि ते तुला ऑपरेटिंगच देणार. 'मी आता डीओपी' असं सांगायला लागलास की तेही फोन थांबतात. माझे थांबले. तेव्हा घर बायकोच्या पगारावर चाललं. तिने एकदाही बोलून दाखवलं नाही, आणि तेच मला अजून जड जातं.

एक गोष्ट मात्र तुझ्या बाजूची आहे. इथल्या देशी, म्हणजे कॅनेडियन सिनेमाला कॅनडाच्या केंद्र सरकारची करसवलत हवी असेल तर मुख्य कलावंत-तंत्रज्ञांच्या दहा गुणांपैकी किमान सहा कॅनेडियन माणसांचे लागतात. त्यात डीओपीचा एक गुण आहे, ऑपरेटरचा एकही नाही. पीआर असलेला माणूस कॅनेडियन धरला जातो. छोट्या निर्मात्याला हे पहिल्याच भेटीत सांग. मला इथला पहिला सिनेमा तसाच मिळाला. मोठ्या अमेरिकन मालिका टोरंटोत खूप होतात, पण त्यांचा डीओपी बहुतेकदा तिकडूनच येतो. २०२३ मध्ये हॉलिवूडचे लेखक आणि नट संपावर गेले तेव्हा इथले सेटही ओस पडले.

आता पत्रं. पीआरच्या अर्जाला जोडायच्या अनुभवाच्या दाखल्यावर आठवड्याचे तास, मानधन, कामाचं स्वरूप, सगळं लेटरहेडवर हवं असतं. आपण शिफ्टवर काम करणारी माणसं, पगाराची स्लिप कुठून आणायची? एका सिनेमापुरती काढलेली कंपनी सिनेमा पडला की बंद होते. मुंबईत वर्सोव्याच्या आरामनगरमध्ये मी एका निर्मात्याच्या दारात तासन्‌तास बसलो आणि त्याने पत्र दिलं ते तारखा न घालता. त्यात कॅनडाच्या यादीत ऑपरेटरचा व्यवसाय-कोड ५२११० आणि डीओपीचा ५११२०, म्हणजे तुझा एकसलग अनुभव कागदावर दोन तुकड्यांत मोडतो. टीडीएसची फॉर्म १६ए प्रमाणपत्रं, कॉल शीट, करारपत्रं, जे सापडेल ते जप. या कागदांचा राग माझ्या मनातून अजून गेलेला नाही.

उजेडाबद्दल तू विचारलं नाहीस, तरी सांगतो, कारण इथे टिकलो तो त्याच्यामुळे. मुंबईत मे-जुलैमध्ये सूर्य डोक्यावर येतो. दुपारी चेहऱ्यावर डोळ्यांच्या खोबण्या काळ्या पडतात आणि आपण उजेड परतवायला थर्माकोल धरून बसतो. टोरंटोत डिसेंबरच्या भर दुपारी सूर्य क्षितिजापासून जेमतेम २३ अंश वर असतो. दिवसभर आडवा, मऊ उजेड. पावणेपाचच्या सुमारास तो संपतो, एवढंच. आणखी एक: उजेड अडवणारे कटर, तो मऊ करणारं डिफ्यूजन हे ग्रिप विभागाचं काम, दिवे इलेक्ट्रिक विभागाचं. आपल्या लाइटदादांसारखं एकालाच दोन्ही सांगायचं नाही. स्टँडला स्वतः हात लावायचा नाही.

मुलाच्या शाळेसाठी सावध राहा. माझी मुलगी २०१९ ला मराठी माध्यमातून थेट नववीत आली. गणितात ती पहिल्या तिघांत असायची. इंग्रजी कच्चं म्हणून शाळेने तिला गणितही खालच्या, 'अप्लाइड' गटात दिलं. मी वह्या घेऊन गेलो, कोणी उघडून पाहिल्या नाहीत. २०२१ मध्ये ओंटारियोने नववीच्या गणितातली ती विभागणीच रद्द केली. दहावीत ती विभागणी अजून आहे. मुलगी आज आपल्या कामात रमली आहे, पण गणित तिने सोडलं ते सोडलंच. तुझ्या मुलाच्या अभ्यासक्रमाची इंग्रजी प्रत आण आणि जे मागशील ते लेखी माग.

एकटेपणाचं विचारलंस. असतो, कामावर गेलं की जातो.

त्याहून जास्त त्रास होतो तो शुक्रवारी, तिकडे नवे सिनेमे लागतात तेव्हा. माझ्या हाताखाली फोकस पुलिंग केलेला, म्हणजे शॉट चालू असताना फोकस सांभाळणारा मुलगा आज मराठीत मोठा डीओपी आहे. त्याचा फोन आला की मनापासून आनंद होतो, आणि ठेवल्यावर बराच वेळ कोणाशी बोलवत नाही. मी थांबलो असतो तर काय झालं असतं, हे मला ठरवता येत नाही. तुझ्याबाबतीत मात्र माझं मत पक्कं आहे. एक सिनेमा दाखवून इथे कोणी डीओपी मानत नाही. अर्ज भर, पत्रं गोळा कर, पण दुसरा सिनेमा तिकडेच कर, वेगळ्या दिग्दर्शकाबरोबर, आणि मग तिकीट काढ.