उंबराचं पाणी आणि श्रद्धा

प्रश्न: आम्ही वसईकडचे ईस्ट इंडियन, म्हणजे इथलेच मूळचे मराठी बोलणारे कॅथलिक. मुलाचं लग्न ठरलंय. आई म्हणते उंबराचं पाणी, म्हणजे लग्नाआधी विहिरीवरून पाणी आणून नवऱ्यामुलाला न्हाऊ घालायचा रिवाज, व्हायलाच हवा, मुलगा म्हणतो चर्चमधलं लग्न पुरे, ह्याचा श्रद्धेशी काय संबंध?

उत्तर: लग्नाचा संस्कार चर्चमध्येच होतो, तेवढं मुलाचं बरोबर. पण बाकीचं सगळं फालतू असं चर्च कुठे म्हणतं? दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने, म्हणजे जगभरच्या कॅथलिक बिशपांच्या सभेने, १९६५ मध्येच मांडलंय की माणूस संस्कृतीतूनच पूर्ण माणूस होतो, म्हणजे नुसता आत्मा नाही, तर शरीर, भाषा, नातलग, गाणी सगळं धरून. आणि आपल्याकडे तर फादर स्टीफन्स ह्या इंग्रज धर्मगुरूचं ख्रिस्तपुराण, म्हणजे येशूची कथा, १६१६ लाच छापलं गेलं, तेही मराठी ओव्यांमध्ये! बायका वाजतगाजत विहिरीवर जातात, घागरी भरतात, त्या पाण्याने नवरामुलगा न्हातो, ह्यात श्रद्धेविरुद्ध काय आहे? मला तरी काही दिसत नाही. हां, पाणी नाही आणलं तर अपशकुन होईल अशी भीती कोणी घालत असेल तर ती मात्र सोडून द्या. आणि विधवा काकूला घागरीला हात लावू देत नसतील तर ते अजिबात चालवून घेऊ नका, रिवाजापेक्षा माणसाची प्रतिष्ठा मोठी, हे चर्च ठामपणे सांगतं. पहिली घागर काकूलाच भरू द्या.