तुमचे प्रश्न : प्रोजेक्टरचं फर्मवेअर अपडेट

प्रश्न : गच्चीवरच्या खोलीत ४के प्रोजेक्टर बसवला आहे. एचडीआर (उजेड-अंधारातला फरक जास्त ठळक दाखवणारा) सिनेमा लावला की मधूनच दोन-तीन सेकंद पडदा काळा होतो. दुकानदार म्हणतात, फर्मवेअर (मशीनच्या आतला प्रोग्रॅम) अपडेट करा. फाइल पेनड्राइव्हवर घेऊन लावली, पण प्रोजेक्टरला ती दिसतच नाही. शिवाय पावसाळ्यात आमच्याकडे वीज कधी जाईल याचा नेम नसतो. काय करावं?
– एक वाचक, गंगापूर रोड, नाशिक

उत्तर : अपडेट थोडं थांबू द्या, आधी प्लेअरपासून प्रोजेक्टरपर्यंतची एचडीएमआय केबल तपासा. प्लेअरच्या सेटिंगमध्ये ६० हर्ट्झचं (सेकंदाला ६० चित्रं) आउटपुट २४ हर्ट्झवर आणा आणि तोच सिनेमा पुन्हा लावा. पडदा काळा व्हायचा थांबला, तर दोष बहुतेक केबलचाच. ४के ६० हर्ट्झ एचडीआरसाठी केबलमधून १८ जीबीपीएसपर्यंतचा डेटा जावा लागतो, आणि साधी तांब्याची केबल दहा मीटरच्या पुढे गेली की तिथेच अडखळते. एवढ्या अंतराला ऑप्टिकल (प्रकाशातून डेटा नेणारी) एचडीएमआय केबल घ्या. तिला दिशा असते. ‘सोर्स’ लिहिलेलं टोक प्लेअरला आणि ‘डिस्प्ले’ लिहिलेलं प्रोजेक्टरला लागतं. केबल भिंतीतल्या पाइपात ओढण्यापूर्वी हे बघून घ्या, नाहीतर सगळी परत उपसावी लागते.

२४ हर्ट्झवरही तोच त्रास असेल, तर कंपनीच्या साइटवर नव्या आवृत्तीत काय दुरुस्त केलंय ते वाचा. तुमच्या तक्रारीचा तिथे उल्लेख असेल तरच अपडेट करा. केवळ नवीन आलंय म्हणून चालत्या मशीनला हात लावू नये, असं आमचं स्पष्ट मत आहे. मॉडेल क्रमांक खालच्या स्टिकरवरून अक्षरन् अक्षर जुळवा. नाव सारखं असलं तरी परदेशी मॉडेलची फाइल भारतातल्या मशीनला चालेलच असं नाही.

पेनड्राइव्ह न दिसण्याचं नेहमीचं कारण म्हणजे फॉरमॅट. बऱ्याच प्रोजेक्टरांना फक्त फॅट३२ वाचता येतं, आणि मोठे पेनड्राइव्ह बहुधा एक्सफॅटमध्ये येतात. ८ किंवा १६ जीबीचा घ्या, एमजी रोडवर सहज मिळेल. फॅट३२मध्ये फॉरमॅट करा, झिप उघडून आतली फाइल कुठल्याही फोल्डरमध्ये न घालता थेट ठेवा. फाइलचं नाव बदलू नका. एकच फाइल दोनदा उतरवली की दुसरीच्या नावात (१) येतो, तेवढ्यानेही काही मशीन ती ओळखत नाहीत. आणि यूएसबीचं भोक कुठलं तेही बघा. काही प्रोजेक्टरांवर एक पोर्ट नुसता वीज पुरवण्यासाठी असतो, त्याला फाइल वाचता येत नाही.

आता विजेचं. अपडेट सुरू झालं की जुना प्रोग्रॅम पुसला जातो आणि त्या जागी नवा लिहिला जातो. त्याच वेळी वीज गेली तर जुना नाही आणि नवा अर्धवट, अशा अवस्थेत मशीन सुरूच होत नाही. मग सर्व्हिस सेंटरला नेऊन बोर्डवर पुन्हा प्रोग्रॅम चढवावा लागतो, नाहीतर बोर्डच बदलावा लागतो. त्यामुळे यूपीएस हवाच. प्रोजेक्टर ३५० वॅटचा असेल तर ६०० व्हीएचा यूपीएस काठावर पडतो, कारण तो साधारण ३६० वॅटच देतो. १००० व्हीएचा घ्या. घरच्या इन्व्हर्टरवर करणार असाल तर त्याचं बटण यूपीएस मोडवर ठेवा. साध्या मोडमध्ये वीज बदलताना जो क्षणभर खंड पडतो, तेवढ्यात प्रोजेक्टर बंद पडू शकतो. महावितरणचा वीज बंदचा मेसेज आला असेल किंवा आभाळ भरून आलं असेल, तर त्या दिवशी हे काम काढूच नका. अपडेट चालू असताना प्रोजेक्टरवरचे दिवे लुकलुकत असले आणि पडदा काळा दिसला तरी बटण दाबू नका, प्लग काढू नका.

प्रश्न : अपडेटनंतर चित्र पिवळट दिसतं आणि वाकडंही झालंय. मशीन बिघडलं का?
– एक वाचक, इंदिरानगर, नाशिक

उत्तर : बहुधा नाही. अपडेटमध्ये सेटिंग मूळ पदावर गेली असावीत. पिक्चर मोड, कलर टेम्परेचर आणि कीस्टोन (वाकडं चित्र सॉफ्टवेअरने सरळ करणारं सेटिंग) पुन्हा लावा. चित्राचा वाकडेपणा शक्यतो प्रोजेक्टर हलवून किंवा लेन्स शिफ्टने (लेन्स सरकवून) काढा, कारण कीस्टोनने बारकावे कमी होतात. पुढच्या वेळी अपडेटआधी मेनूच्या प्रत्येक पानाचा मोबाइलवर फोटो काढून ठेवा.