दगड, बुचं आणि जिवंत मांजर

प्रश्न: अठराव्या शतकात फ्रान्समध्ये तारार नावाचा माणूस लोकांसमोर जिवंत मांजर खायचा, असं ऐकलं. हे खरं की भाकडकथा? असा माणूस जगला तरी कसा?

उत्तर: भाकडकथा म्हणून झटकता येत नाही. त्याच्याबद्दल लिहून ठेवणारा पेर्सी हा फ्रेंच सैन्याचा नावाजलेला शल्यवैद्य, आणि त्याने तारारला स्वतः पाहिलं होतं. मात्र बहुतेक सगळी हकिकत त्या एकाच लेखणीतली आहे.

तारार जन्मला लियोंजवळ, १७७२च्या सुमारास. त्याचं पोट भरणं आईबापांना झेपेना, म्हणून पोरवयातच त्याला घराबाहेर काढलं. पुढे एका भोंदू वैद्याने त्याला हाताशी धरलं. याने बुचं, दगड, टोपलीभर सफरचंदं गिळायची आणि गर्दी जमली की त्याने औषधं खपवायची! नंतर पॅरिसच्या रस्त्यांवर तो एकटाच खेळ करू लागला. तिथे एकदा आतडं तुंबलं. बरं वाटल्यावर पठ्ठ्या सर्जनला म्हणतो, तुमचं घड्याळ साखळीसकट गिळून दाखवू का? सर्जन म्हणाला, मग मी पोट फाडून काढून घेईन.

तुम्ही ऐकलेली मांजराची गोष्ट मात्र इस्पितळातली आहे. सैन्यात गेल्यावर चौपट शिधाही पुरेना, म्हणून त्याला दाखल केलं होतं. १५ जणांचं जेवण त्याने एका बैठकीत संपवलं. मग ते जिवंत मांजर त्याच्यासमोर आणलं ते डॉक्टरांनीच. रस्त्यावरच्या बघ्यांना आपण नावं ठेवतो, पण हे बघे तर शिकलेले होते. पुढे त्याच्या या गिळण्याचाच उपयोग करून एका सेनापतीने त्याला लाकडी डबीतून चिठ्ठी गिळायला लावलं आणि हेर म्हणून पाठवलं. शत्रूच्या, म्हणजे प्रशिया या जर्मन राज्याच्या सैनिकांनी त्याला पकडून बेदम झोडपलं.

परतल्यावर त्याने पेर्सीला विनवलं, काहीही करा, पण ही भूक थांबवा. अफू, व्हिनेगर, तंबाखूच्या गोळ्या, सगळं झालं, गुण नाही. पुढे इस्पितळातून १४ महिन्यांचं एक मूल नाहीसं झालं, संशय याच्यावर आला आणि त्याला हाकलून लावलं. ते कधीच सिद्ध झालं नाही, तेव्हा 'मूल खाणारा' असं ठोकून देऊ नका.

१७९८मध्ये व्हर्सायला तो क्षयाने गेला. गिळलेला जेवणाचा सोन्याचा काटा (फोर्क) आपल्याला मारतोय, अशी त्याची समजूत होती. शवविच्छेदनात काटा सापडला नाही. जठर मात्र अवाढव्य निघालं, व्रणांनी भरलेलं.

एवढं खाऊनही सडपातळ, अंग तापलेलं, सतत घाम, हे वाचून मला आधी थायरॉईडचा अतिरेक, म्हणजे गळ्यातली ती ग्रंथी गरजेपेक्षा जास्त काम करणं, आठवतो. दगड आणि बुचं गिळणं मात्र त्या आजारावरून उलगडत नाही.