दंड भरला, ट्रॅक्टर सुटला. केस कुठे सुटली?

कडेगाव तालुक्यातल्या एका वाचकाचा ट्रॅक्टर येरळा नदीतली वाळू नेताना महसूल पथकाने ट्रॉलीसह पकडला. यांनी तहसीलमध्ये ‘चूक झाली, पुन्हा करणार नाही’ असा अर्ज दिला, दंड भरला, बंधपत्र लिहून दिले आणि ट्रॅक्टर घरी आणला. आठ महिन्यांनी कोर्टाचे समन्स आले. ते विचारतात, पावती दाखवली की केस मिटेल ना? माण, आटपाडीकडूनही हाच प्रश्न येतो. नदीचे नाव तेवढे बदलते.

तुम्ही ट्रॅक्टरचे फोटो पाठवलेत, दंडाच्या आदेशाची प्रत मात्र पाठवली नाही. सगळे त्या आदेशावर कोणते कलम लिहिले आहे त्यावर अडले आहे.

बहुधा तिथे महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियमाचे कलम ४८ चे पोटकलम (७) आणि (८) असेल. (७) खाली खनिजाच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड बसतो. (८) खाली वाहन सोडवण्याची रक्कम असते. २०१८ च्या नियमदुरुस्तीपासून ट्रॅक्टर-ट्रॉलीला ती एक लाख आहे. ही महसुली कारवाई झाली. ती रक्कम भरल्याने वाहन सुटते, थकबाकीपोटी सातबारावर बोजा चढत नाही, आणि त्यापलीकडे काही होत नाही.

दंड भरून गुन्हाच मिटवण्याची सोय वेगळ्या कायद्यात आहे: खाण व खनिजे अधिनियम, १९५७, कलम २३-अ. कलम २२ खाली कोर्टात तक्रार करण्याचा अधिकार ज्या अधिकाऱ्याला आहे, त्यानेच रक्कम ठरवून तडजोडीचा आदेश द्यायचा असतो. तक्रार दाखल होण्याआधी किंवा नंतरही तो देता येतो, आणि दिला की त्या अधिनियमाखालची कारवाई तिथेच थांबते. तुमच्या आदेशात २३-अ चा उल्लेख नसेल तर तुम्ही तडजोड केलेलीच नाही. वाहन सोडवताना हा एक अर्ज सोबत दिला असता तर आजचे अर्धे काम तेव्हाच झाले असते.

अर्धेच म्हणतो, कारण समन्समध्ये चोरीचे कलमही असणार. जयंत विरुद्ध मध्य प्रदेश शासन या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ३ डिसेंबर २०२० रोजी स्पष्ट केले की २३-अ खालच्या तडजोडीने चोरीचा गुन्हा संपत नाही. चोरीत तडजोड मालाच्या मालकाशी होते आणि इथे मालक शासन. कोणी अधिकारी उठून कोर्टात तशी सही देईल, या भरवशावर राहू नका.

आता कामाचे. तहसीलमधून जप्ती पंचनामा, नोटीस, दंडाचा आदेश, बंधपत्र आणि चलन यांच्या प्रमाणित नकला काढा. दोषारोपपत्रात १९५७ च्या अधिनियमाचे कलम २१ (बेकायदा उत्खनन-वाहतुकीची शिक्षा) असेल, तर अधिकृत अधिकाऱ्याची लेखी तक्रार जोडली आहे का ते पाहा. नुसत्या पोलीस अहवालावर कोर्टाला त्या कलमाची दखल घेता येत नाही. तक्रार असेल तर त्याच अधिकाऱ्याकडे २३-अ चा अर्ज द्या.

पंचनाम्यात वाळूची किंमत किती धरली आहे तेही बघा. घटना १ जुलै २०२४ नंतरची, किंमत पाच हजारांच्या आत आणि तुमचा पहिलाच गुन्हा असेल, तर भारतीय न्याय संहितेच्या कलम ३०३(२) खाली माल किंवा त्याची किंमत परत दिल्यावर समाजसेवेची शिक्षा आहे. शिवाय एवढ्या किमतीची चोरी अदखलपात्र ठरते. सोबत दुसरे दखलपात्र कलम नसेल, तर पोलिसांनी तपासाआधी मॅजिस्ट्रेटचा आदेश घेतला होता का, हा मुद्दा उभा राहतो. एक ब्रास (शंभर घनफूट) वाळूवर तो टिकेल की नाही, हे पंचनाम्यातल्या दरावर आहे.

तुमचा तो कबुलीचा अर्ज सरकारी वकील काढणारच. त्याला किती वजन मिळेल ते कोर्ट ठरवेल. महसुली आदेशावर प्रांताधिकाऱ्यांकडे अपिलाची मुदत साठ दिवसांची होती. ती गेली, आणि स्वतः भरलेल्या दंडावर विलंबमाफी मागून फार काही हाती लागेल असे वाटत नाही. वाहन ४८ तासांत सक्षम अधिकाऱ्यापुढे हजर केले होते का, हा वादही आता उकरू नका. ट्रॅक्टर तुमच्या दारात आहे.

बंधपत्राची नक्कल मात्र नीट वाचा. हे वाहन पुन्हा अशा कामाला वापरणार नाही, असे तुम्ही लिहून दिले आहे आणि त्याची रक्कम ट्रॅक्टरच्या बाजारभावाइतकी असू शकते. समन्सच्या तारखेला वकिलासह हजर राहा. गैरहजर राहिलात तर वॉरंट निघेल.