पुण्याहून दोन दिवसांची गाडीची सहल: किल्ले-लेणीही हवीत आणि निसर्गही. कुठे जावं, कसं आखावं?

तुम्ही लिहिलंय की शनिवार-रविवार हाताशी आहेत, गाडी स्वतःची आहे, सोबत सत्तरीकडे झुकलेले आई-वडील आणि पाचवीतला मुलगा आहे. वडिलांना इतिहास हवाय, बाकीच्यांना डोंगर आणि पाणी, आणि महाबळेश्वर-लोणावळ्याची गर्दी कुणालाच नको. डोळे झाकून जुन्नरला जा.

आखणीबद्दल मात्र आधी थोडं बोलतो. बहुतेक जण नकाशावर चार ऐतिहासिक ठिकाणं शोधतात, चार निसर्गरम्य शोधतात आणि मग ती एकमेकांना जोडत बसतात. त्यात अख्खा दिवस गाडीत जातो. त्यापेक्षा एखादी जुनी वाट पकडा. सह्याद्रीत जिथे खिंड सापडली तिथून व्यापार चालला, व्यापाऱ्यांच्या पैशातून लेणी कोरली गेली आणि वाट राखायला किल्ले उभे राहिले. ती वाट धरली की दोन्ही गोष्टी आपोआप एकत्र मिळतात. जुन्नरची ती वाट म्हणजे नाणेघाट. कल्याण-सोपाऱ्याच्या बंदरांतला माल इथून वर चढायचा आणि जुन्नरवरून पैठणकडे जायचा.

शनिवारी सकाळी सहाच्या आत पुणे सोडा. चाकणचा चौक गर्दीच्या आधी ओलांडला की निम्मं काम झालं. नारायणगावला नाश्ता करा, तिथून जुन्नर पंधरा किलोमीटर. खोडदच्या महाकाय रेडिओ दुर्बिणीही नारायणगावजवळच आहेत, पण त्या या सहलीत कोंबू नका.

आधी लेण्याद्री. पायऱ्या तीनशेच्या आतबाहेर आहेत, चढ सोपा आहे, आणि आई-वडिलांना जड वाटलं तर डोली मिळते. माकडं फार आहेत, प्रसादाची पिशवी हातात मिरवू नका. गिरिजात्मजाचं दर्शन घेऊन लोक तसेच खाली उतरतात, याचं मला दर वेळी वाईट वाटतं. गणपती बसलाय तेच मुळात बौद्ध भिक्षूंचं विहार आहे: एकही खांब नसलेला प्रशस्त मंडप आणि कडेने कोरलेल्या खोल्या. त्याच्या शेजारचं सहाव्या क्रमांकाचं लेणं चुकवू नका. तो चैत्य आहे, म्हणजे भिक्षूंचं प्रार्थनेचं दालन, आत स्तूप, आणि खांबांच्या माथ्यावर हत्ती-सिंह बसवलेत. तिथल्या ब्राह्मी लेखात दान देणाऱ्याचं नाव आहे: कल्याणच्या हेरणिकाचा मुलगा सुलसदत्त. कल्याणचा माणूस, म्हणजे तोही नाणेघाटानेच वर आला असणार. मुलाला हे नाव तिथे उभं राहून सांगा आणि संध्याकाळी घाटाच्या तोंडाशी पुन्हा आठवण करून द्या.

दुपारी जुन्नरला जेवा. मासवडी आणि बाजरीची भाकरी मिळाली तर दुसरं काही मागवू नका. रस्सा मात्र झणझणीत असतो, मुलासाठी वेगळं सांगून ठेवा. तासभर विश्रांती घेऊन आपटाळ्याच्या बाजूने पश्चिमेला निघा. पेट्रोल जुन्नरलाच भरून घ्या, पुढे भरवसा नाही. फोनची रेंजही जाते, म्हणून नकाशा आधीच उतरवून ठेवा. रस्त्यात चावंडचा डोंगर दिसेल. त्याच्या पुढे पूर गावात कुकडेश्वराचं जुनं कोरीव दगडी मंदिर आहे, कुकडी नदीचा उगम तिथलाच. अर्धा तास द्या. तिथून घाटघरकडे भातखाचरं आणि हिरड्याची झाडं सुरू होतात आणि हवाच बदलते.

नाणेघाटाच्या पठारावर गाडी जवळपर्यंत जाते. खिंडीच्या तोंडाशी मोठा दगडी रांजण आहे, जकातीची नाणी त्यात टाकत अशी परंपरा सांगतात. खिंडीतून थोडं खाली उतरलं की गुहा लागते. पायऱ्यांचे दगड उंचसखल आहेत आणि ओले असले की निसरडे होतात, आई-वडिलांना हात धरून उतरवा. गुहेच्या भिंतींवर सातवाहन राणी नागनिकेचा प्राकृत लेख आहे: कोणते यज्ञ केले, दक्षिणा म्हणून किती गाई, घोडे, हत्ती, किती कार्षापण (तेव्हाची नाणी) दिले, सगळा हिशेब. भारतातल्या सगळ्यात जुन्या अंकचिन्हांमध्ये यातल्या आकड्यांची गणना होते. मागच्या भिंतीवर राजघराण्यातल्या माणसांचे पुतळे होते, आता फक्त पावलांच्या खुणा आणि वर नावं उरलीत. अक्षरं झिजलीत. सोबत चांगली बॅटरी घ्या आणि उजेड समोरून न टाकता भिंतीच्या कडेने तिरका टाका, रेघा उठून दिसतात. भिंतीला हात लावू नका, मुलालाही लावू देऊ नका.

मग वर येऊन पश्चिमेच्या कड्याकडे जा. खाली सरळ कोकण दिसतं, डावीकडे जीवधन किल्ला आणि त्याच्या शेजारचा वानरलिंगी सुळका. कड्याला सगळीकडे कठडा नाही, वारा जोराचा असतो. मुलाला एका हाताच्या अंतरावरच ठेवा. काळोख पडायच्या आत परत फिरा. धुकं उतरलं की तो रस्ता त्रास देतो. मुक्काम जुन्नरच्या आसपास करा, शेतावरच्या घरगुती राहण्याच्या सोयी भरपूर आहेत. हा बिबट्यांचा मुलूख आहे, उसात त्यांचा वावर असतो. रात्री जेवणानंतर शेताच्या कडेने फेरफटका नको.

रविवारी सकाळी लवकर शिवनेरी. सात दरवाजांची पायऱ्यांची वाट आहे. थांबत थांबत गेलं तर तुमचे आई-वडील आरामात चढतील, दीड तास धरा. शिवाई देवीचं मंदिर, शिवजन्माची वास्तू, गंगा-जमुना टाकी, बदामी तलाव आणि कडेलोटाचं टोक हे सगळं निवांत बघायला आणखी दीड-दोन तास लागतात. वडिलांना एक गोष्ट बोलायला आवडेल: १९ फेब्रुवारी १६३० ला महाराज इथे जन्मले, पण त्यांच्या हयातीत हा गड स्वराज्यात आला नाही. १६७३ मध्ये केलेला प्रयत्न फसला, गड हाती आला तो १७१६ मध्ये, शाहू महाराजांच्या काळात. २०२५ मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारशात आलेल्या बारा किल्ल्यांत शिवनेरी आहे. वरून वडज धरणाचं पाणी आणि आसपासच्या डोंगररांगा दिसतात, आणि समोर लेण्याद्री. काल आपण कुठे होतो ते मुलाला तिथून शोधायला लावा.

माळशेज घाट यात घालू नका. जवळ आहे म्हणून सगळे घालतात आणि मग नाणेघाटाला जेमतेम वीस मिनिटं उरतात.

कधी जावं? माझ्या मते सप्टेंबरचा शेवट ते ऑक्टोबरचा मध्य. पठारावर सोनकी फुललेली असते, ओढ्यांना पाणी असतं आणि आकाश उघडं मिळतं. जुलै-ऑगस्टमध्ये नाणेघाटचा उलटा धबधबा बघायला झुंबड उडते, वाऱ्याने पाणी खालून वर उडतं ते खरंच बघण्यासारखं आहे. पण म्हाताऱ्या माणसांना घेऊन शनिवार-रविवारी त्या गर्दीत शिरू नका. शिवाय पावसाळ्यात धबधब्यांवर प्रशासनाचे बंदी आदेश निघतात, निघायच्या आदल्या दिवशी बातम्या बघा. पाऊसच हवा असेल तर मधल्या वारी रजा टाका. मार्चनंतर मात्र शिवनेरीच्या पायऱ्यांवर ऊन सोसणार नाही.

परतताना जेवून दोनच्या सुमाराला जुन्नर सोडा. रविवारी संध्याकाळी चाकणला अडकलात तर दीड तास तिथेच जाईल.