घर पाडलं, लेखक गेले; फिल्ममध्ये दाखवू काय?

प्रश्न : आमच्या गावच्या एका कथाकारांवर अर्ध्या तासाची डॉक्युमेंटरी करतेय. ते जाऊन 19 वर्षं झाली. राहतं घर पाडून तिथे अपार्टमेंट झालं. हाताशी त्यांची चार पुस्तकं, आकाशवाणीवरची एक मुलाखत आणि भाच्यांकडचे 11 फोटो आहेत. एवढ्यावर कसं भागवू? मागच्या अंकात तुम्ही पिएर द्युमाये या फ्रेंच पत्रकाराचं नाव घेतलं होतं. त्यांच्याकडून काही घेता येईल का?
— एक वाचक, कराड

उत्तर : येईल, खूप.

द्युमाये रेडिओवरून टीव्हीत आलेले. 1953 ते 1968 फ्रेंच टीव्हीवर ‘लेक्त्यूर पूर तूस’, म्हणजे ‘सर्वांसाठी वाचन’, हा कार्यक्रम त्यांनी सहकाऱ्यांसोबत चालवला. त्यातल्या मुलाखती मी पहिल्यांदा पाहिल्या तेव्हा अस्वस्थ झाले. प्रश्न एवढासा, मग लेखक गप्प, द्युमायेही गप्प, आणि कॅमेरा चेहऱ्यावरच. मी आयुष्यभर संकलन केलं. अशी शांतता आम्ही सगळ्यात आधी कापतो. मी किती कापल्या असतील! त्याचं आज वाईट वाटतं, कारण उत्तर शोधणारा चेहरा पुन्हा मिळत नाही.

1964 मध्ये त्यांनी मार्गरित द्युरास या फ्रेंच लेखिकेला तेव्हाच्या नव्या कादंबरीबद्दल विचारलं होतं. 28 वर्षांनी, 1992 मध्ये, ते पुन्हा त्यांच्यासमोर बसले. सोबत दिग्दर्शक रोबेर बोबेर. ती जुनी मुलाखत त्यांना दाखवली आणि त्यावर बोलतं केलं. तुमची आकाशवाणीची मुलाखत अशीच वापरा. दृश्यांच्या मागे आवाज म्हणून चिकटवू नका. भाच्यांना आणि गावातल्या जुन्या वाचकांना एकत्र बसवून ती सबंध ऐकवा, कॅमेरा ऐकणाऱ्यांवर ठेवा.

आता घराचं. बोबेर यांनीच जॉर्ज पेरेक या लेखकावर 1992 मध्ये एक फिल्म केली. पॅरिसच्या बेलव्हिल भागातल्या व्हिलँ गल्लीत 24 नंबरला पेरेक यांच्या आईचं केस कापायचं दुकान होतं. 1943 मध्ये तिला आउशवित्झच्या नाझी छळछावणीत नेलं, ती परतली नाही. मोठेपणी, 1969 पासून काही वर्षं, पेरेक त्या गल्लीत जाऊन कुठलं दुकान बंद झालं, कुठल्या खिडक्या विटांनी बुजवल्या, एवढंच लिहून आणत. 1982 मध्ये तेही गेले. गल्लीही पाडली गेली. बोबेर यांनी वेगवेगळ्या लोकांनी काढलेले गल्लीचे जुने फोटो जमवले, घराला घर जोडत लावले आणि प्रेक्षकाला त्या नसलेल्या गल्लीतून वर चालवत नेलं.

तेव्हा 11 फोटो कमी नाहीत. प्रत्येकावर घाई न करता थांबा. फोटो कुणी काढला, मागे उभी असलेली शेजारीण कोण, हे विचारा. अपार्टमेंटच्या पार्किंगमध्ये भाच्यांना खडूने घराचा नकाशा काढू दे. माजघर कुठे होतं यावर त्यांचं भांडण झालं तर शूटिंग थांबवू नका. पण कृपा करून चष्मा लावलेला नट टेबलाशी लिहिताना दाखवू नका. त्यापेक्षा कथेचं एक पान गावातल्याच कुणाकडून, अडखळत का होईना, वाचून घ्या. आणि त्याआधी तुम्ही स्वतः चारही पुस्तकं पुन्हा वाचा. द्युमायेंचा प्रश्न छोटा असे, कारण पुस्तक वाचून झालेलं असे.

रफ कट झाला की पाठवा. शांतता कुठे कुठे कापलीत, ते मला आधी बघायचंय.