अक्सर नव्हे हो, अक्सीर!

आर्वी तालुक्यातल्या एका शिक्षिकेचा प्रश्न आहे. स्नेहसंमेलनासाठी मुलं जादूच्या शाळेचं नाटक बसवताहेत. त्या शाळेत एक तास जादूचे काढे, रस, अमृतं रटरटवायचा असतो. या विद्येला मराठीत काय म्हणावं? मुलांनी तीन नावं काढलीत: काढाशास्त्र, रसायन आणि अक्सरविद्या. 'अक्सर इलाज' म्हणतात ना, त्यावरून.

म्हणतात. तेच तर दुखणं आहे.

आधी पहिली दोन नावं उरकतो. काढ्याचा 'काढणे'शी काही संबंध नाही. त्याचं मूळ संस्कृत क्वाथ, म्हणजे उकळणं. तो कढीचा सख्खा भाऊ. सोळापट पाणी घाला आणि आठवा हिस्सा उरेपर्यंत आटवा, असं आयुर्वेदाचा जुना ग्रंथकार शार्ङ्गधर सांगतो. त्यात जादू कमी, सरपण जास्त. रसायन हा शब्द खरं तर अगदी नेमका होता. आयुर्वेदाच्या आठ अंगांतलं ते एक, म्हातारपण लांबवणारं. च्यवनप्राश हे रसायनच. पण आपल्या शिवारात आज रसायन म्हटलं की पाठीवरचा फवारणीपंप आठवतो. कपाशीच्या गावातल्या पोरांना त्या शब्दातून तारुण्य कसं दिसणार?

आता अक्सर. हा अरबी 'अक्थर'वरून उर्दू-हिंदीत आलेला शब्द. अर्थ बहुतेकदा, पुष्कळदा. म्हणजे 'अक्सर इलाज' हा पुष्कळदा लागू पडणारा, आणि एखादवेळी न पडणारा इलाज झाला. आपल्याच मालाबद्दल इतकं प्रामाणिक कोण बोलतं? मूळ शब्द आहे अक्सीर: हमखास गुण देणारा, रामबाण. दोघांचं गोत्रच वेगळं.

आमच्या बुधवारच्या बाजारात एक जडीबुटीवाला बसतो. फाटक्या ताडपत्रीवर मुळ्या, साली, आणि मागे पाटी: 'गुडघेदुखीवर अक्सर इलाज'. मी त्याला दोनदा समजावलं. तिसऱ्यांदा त्यानं भोंगा बंद केला आणि म्हणाला, "सर, अक्सर म्हंजे काय? नेहमी. नेहमी लागू पडते म्हून अक्सर. तुमी काऊन गिऱ्हाइकाच्या टायमाले येता?" याला लोकव्युत्पत्ती म्हणतात, म्हणजे लोकांनी आपल्या मनानं लावलेला शब्दाचा उगम, आणि तिच्यासमोर व्याकरण टिकत नाही.

पुण्याच्या एका जाणकारांच्या मते ही चूक टीव्हीमुळे झाली. त्यांनी एकदा आमच्या बाजारात येऊन बसावं. माझं म्हणणं असं की हे दुखणं टीव्हीपेक्षा बरंच जुनं आहे. वऱ्हाड 1853 पर्यंत निजामाकडे होतं. हकीम, दवा, अक्सीर हे शब्द इथं त्या वाटेनं रुळले असणार. पुढे नागपूर 1956 पर्यंत हिंदी-मराठी अशा दुभाषी प्रांताची राजधानी. कचेरीत हिंदी, रेल्वेत हिंदी, आणि दिवसातून पन्नासदा कानावर पडणारा 'अक्सर'. वर्षातून एकदा, तेही आजारपणात, कानी येणारा अक्सीर त्याच्या पोटात कधी गेला ते कोणालाच कळलं नाही. कागदोपत्री पुरावा मागाल तर नाही. पण टीव्हीवाल्यांकडेही तो नाही.

आणखी एक विद्वान अक्सीर हा 'अक्षर'चा, म्हणजे नाश न पावणाऱ्याचा, अपभ्रंश ठरवतात. त्यांना टमाटरही वेदांत सापडेल.

खरी गंमत पुढेच आहे. अक्सीर म्हणजे अरबी 'इक्सीर'. त्याला 'अल' हे उपपद चिकटलं आणि युरोपात त्याचं एलिक्सिर झालं. जादूच्या गोष्टींत चांदीच्या पेल्यातून पितात, तेच. पण अरबीत हा शब्द आला ग्रीकातून, आणि तिथं 'क्सेरिऑन' म्हणजे जखमेवर भुरभुरायची कोरडी पूड! 'क्सेरॉस' म्हणजेच कोरडं. अरब किमयागारांचा इक्सीरही हलक्या धातूवर टाकून त्याचं सोनं करणारी पूडच असायची. पातळ झाला तो नंतर. अल्कोहोलचंही तसंच: अरबी 'अल-कुह्ल' म्हणजे डोळ्यात घालायचा सुरमा. जगातले दोन सगळ्यात ओले शब्द, आणि दोन्ही जन्माने भुकटी!

हे कळल्यावर मी पुन्हा त्या जडीबुटीवाल्याकडे गेलो. त्याच्याकडे बाटली एकही नाही. जुन्या वर्तमानपत्राच्या पुड्या, आत तपकिरी चूर्ण. "जखमीवर बी चालते, नुसती भुरभुरा," म्हणाला. पाटी चुकलेली, पण माल थेट ग्रीक. मी वीस रुपयांची पुडी घेतली आणि पाटीबद्दल काही बोललो नाही.

हां, नाटकाचं राहिलंच. मॅडम, अक्सीरविद्या ठेवा, झकास नाव आहे. फक्त स्टेजवर चूल-कढई नको, खलबत्ता मांडा. आणि पोरांना काही उकळायचंच असेल तर अर्कविद्या म्हणा. हा अर्क म्हणजे मारुतीला वाहतात ती रुई नव्हे. हा अरबी 'अरक', म्हणजे घाम. भट्टीच्या झाकणाला आतून थेंब धरतात ना, तो. मोहफुलाच्या गावातल्या पोरांना हे समजावून सांगावं लागणार नाही, मात्र पहिल्या रांगेत पोलीस पाटील बसणार असतील तर खलबत्ताच बरा.